स्वयंपाकघरातली चार-पाच मिनिटं

'उंबेर्तो डी' हा इटालियन चित्रपट मी आजवर तीनदा पाहिला. पहिल्यांदा कॉलेजात असताना, फिल्म सोसायटीच्या खेळाला. तेव्हा त्यातल्या म्हाताऱ्यासाठी आणि त्याच्या कुत्र्यासाठी रडले होते. दुसऱ्यांदा पाहिला तो बाबा निवृत्त झाले त्या वर्षी. तेव्हा पेन्शनचे आकडे जास्त टोचले. परवा तिसऱ्यांदा पाहिला आणि या खेपेला मी बघत राहिले ती घरातल्या मोलकरणीकडे. आधी दोनदा ती माझ्या डोळ्यांसमोरच होती, पण दिसली नव्हती. असं का झालं असेल, या विचारात दोन दिवस गेले. मग तिचं काम करणाऱ्या मुलीचं पुढे काय झालं, ते शोधत बसले.

ज्यांनी चित्रपट पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. व्हित्तोरिओ दे सिकाचा हा चित्रपट इटलीत जानेवारी 1952 मध्ये आला. पटकथा चेझारे झावात्तिनीची. 'बायसिकल थीव्ज'वाली हीच जोडी. उंबेर्तो दोमेनिको फेर्रारी हा रोममधला निवृत्त सरकारी नोकर. पेन्शन महिना 18,000 लिरा, त्यातले 10,000 खोलीच्या भाड्यात जातात. भाडं थकलंय, घरमालकीण त्याला बाहेर काढायला टपलीय. जवळचं म्हणावं असं कोण, तर फ्लाईक नावाचा कुत्रा. आणि त्या घरात कामाला असलेली मारिया. पोरगेलीशी, खेड्यातून आलेली. तिला दिवस गेलेत आणि बाप कोण हे तिला नक्की माहीत नाही. समोरच्या बराकीतल्या दोन सैनिकांपैकी कोणीतरी एक, आणि दोघेही हात वर करून मोकळे. मालकिणीला कळलं की ती घराबाहेर काढणार आणि गावी परत गेलं तर घरचे बदडणार. म्हणजे घर जाण्याची टांगती तलवार एकाच छपराखाली दोघांवर आहे. चित्रपटाचं नाव मात्र एकाचंच.

आता तो प्रसंग सांगते.

पहाट झालीय. म्हाताऱ्याला बरं नाही, त्यानं दवाखान्यात फोन केलाय, गाडी यायचीय. मारिया बोळात टाकलेल्या खाटेवर झोपते. (तिला खोली नाही. त्या घरात खोल्या भाड्यानं द्यायच्या असतात, अगदी तासांच्या हिशोबानंसुद्धा.) ती डोळे उघडते. वर काचेचं छप्पर आहे, त्यावरून एक मांजर चालत जातं. ती उठते, डोळे चोळत स्वयंपाकघरात येते. भिंतीवर काडी ओढते, पेटत नाही, पुन्हा ओढते. शेगडी लावते. खिडकीतून बाहेर बघते. भिंतीवर मुंग्यांची रांग लागलीय, त्यांच्यावर पाणी उडवते. मग स्वतःच्या पोटाकडे बघते. फार वेळ नाही, आपण घड्याळाकडे बघतो तेवढंच. मग कॉफी दळायचं यंत्र मांडीत घेऊन बसते आणि दळायला लागते. डोळ्यांतून पाणी येतं, ते ती पुसते, दळणं चालूच. आणि दळता दळता बसल्या जागेवरून पाय लांब करून, पायाच्या बोटांनी दार लोटायचा प्रयत्न करते.

एवढंच. मग दारावरची घंटा वाजते, दवाखान्याची माणसं येतात आणि गोष्ट पुन्हा म्हाताऱ्याकडे जाते.

चार-पाच मिनिटांचा हा प्रसंग. कथेच्या दृष्टीनं यात काहीच घडत नाही. कापून टाकला तर कथेतला एक दुवाही तुटणार नाही. आणि तरी या चित्रपटावर गेल्या सत्तर वर्षांत जे जे लिहिलं गेलंय, त्यात हा प्रसंग येतोच येतो. फ्रेंच समीक्षक आंद्रे बाझँ यानं 1952 मध्येच त्यावर लिहिलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की नेहमीचा दिग्दर्शक 'मोलकरीण उठली, तिनं कॉफी केली' हे दोन-तीन तुकड्यांत उरकतो, कारण त्याला पुढच्या घटनेची घाई असते. इथे दे सिका उठण्याचे तुकडे करतो, त्या तुकड्यांचेही आणखी बारीक तुकडे करतो. जिथे घटना संपायला हवी तिथे जगणं सुरू होतं. पुढे तत्त्वज्ञ जिल दलझ यानं सिनेमावरच्या आपल्या ग्रंथाच्या दुसऱ्या खंडाची सुरुवात करताना याच मुलीची, याच स्वयंपाकघरातली सकाळ घेतली.

तर ती मुलगी. तिचं नाव मारिया पिया काझिलिओ. जन्म 1935 चा, रोमच्या पूर्वेला अब्रुत्सो नावाचा डोंगराळ प्रांत आहे, तिथल्या लाक्विला भागातला. 'उंबेर्तो डी'चं चित्रीकरण झालं 1951 मध्ये, म्हणजे तेव्हा ती जेमतेम सोळा वर्षांची. आधी कधी अभिनय केलेला नाही. दे सिका तेव्हा मुद्दाम अशीच माणसं निवडायचा. चेहऱ्यावर आधीच्या भूमिकांचे थर नसलेली.

या 'नटनसलेल्या' नटांचं पुढे काय होतं, हा मला नेहमी पडणारा प्रश्न आहे. इथे तीन उदाहरणं शेजारी शेजारी ठेवून बघता येतात.

उंबेर्तोचं काम करणारे कार्लो बात्तिस्ती हे फ्लोरेन्सच्या विद्यापीठात भाषाशास्त्राचे प्राध्यापक. इटालियन भाषेच्या एका मोठ्या व्युत्पत्तिकोशाच्या दोन कर्त्यांपैकी एक. (आता गंमत बघा. चित्रपटात हा म्हातारा मारियाला अधूनमधून व्याकरण शिकवत असतो आणि तिच्या दिवस जाण्याचा विषय निघतो तेव्हा म्हणतो, की व्याकरण येत नसलं म्हणजे असल्या गोष्टी होतात. हे बोलणारा माणूस खराच भाषेचा प्राध्यापक!) चित्रपट झाला आणि ते आपल्या विद्यापीठात, आपल्या शब्दांकडे परत गेले. पडद्यावर जगप्रसिद्ध झालेल्या माणसाला परत जायला एक टेबल होतं, खुर्ची होती.

दुसरा लाम्बेर्तो माज्जोरानी, 'बायसिकल थीव्ज'चा नायक. हा कारखान्यातला कामगार. चित्रपट जगभर गाजला, पण याची कारखान्यातली नोकरी गेली. नंतर पडद्यावर किरकोळ कामं मिळत राहिली, त्यावर घर चालेना. 1983 मध्ये तो रोममध्ये वारला, गरिबीतच. त्याला परत जायला जागा उरली नव्हती.

तिसरी ही मारिया पिया. ती परत गेली नाही. तिनं सिनेमाच धरला आणि त्यात बऱ्यापैकी टिकली. एकूण सुमारे तीस चित्रपट, त्यातले बरेचसे पन्नासच्या दशकातले. म्हणजे हौशी मुलीची चक्क व्यावसायिक अभिनेत्री झाली. पण कशी? तर सहाय्यक अभिनेत्री. श्रेयनामावलीत चौथ्या-पाचव्या ओळीत येणारं नाव.

तिच्या भूमिका बघताना मी जरा चकितच झाले.

1953 मध्ये फ्रेंच दिग्दर्शक मार्सेल कार्नेचा 'तेरेझ राकँ' आला. एमिल झोलाच्या कादंबरीवरून, पण काळ बदलून विसाव्या शतकातल्या ल्योंमध्ये आणलेला. नायिका सिमोन सिन्योरे, नायक राफ व्हाल्लोने. त्या वर्षीच्या व्हेनिस महोत्सवात त्याला रौप्य सिंह मिळाला. या चित्रपटात मारिया पिया कोण? झॉर्जेत. हॉटेलात काम करणारी मोलकरीण! कथा अशी, की तेरेझच्या नवऱ्याला तिच्या प्रियकरानं चालत्या आगगाडीतून ढकलून दिलंय. एक खलाशी ते जाणून आहे आणि दोघांकडून पैसे उकळायला आलाय. आपल्याला दगाफटका होऊ नये म्हणून त्यानं सगळी हकीकत एका पत्रात लिहून हॉटेलातल्या या मुलीजवळ दिलीय. मी पाचपर्यंत परत आलो नाही तर पत्र पेटीत टाक, म्हणून. पैसे मिळतात, सौदा मिटतो, आणि हा बाहेर पडतो तोच रस्त्यावरच्या अपघातात मरतो. पाच वाजतात. ती मुलगी सांगितल्याप्रमाणे पत्र टाकते. संपलं. दोन माणसांच्या आयुष्याचा निकाल तिच्या हातून लागतो आणि तिला त्याचा पत्ताही नसतो.

पटकथा म्हणून हे फारच चोख आहे, पहिल्यांदा पाहताना अंगावर काटा येतो. पण 'उंबेर्तो डी'नंतर लगेच पाहिलं तर दुसरंच काहीतरी जाणवतं. मुलगी तीच, वय तेच, कामही तेच. पण एका चित्रपटात त्या मोलकरणीला एक सकाळ आहे आणि दुसऱ्यात एक काम आहे. कथेला टपालपेटीपर्यंत जाणारा हात हवा होता, तो तिनं पुरवला. त्या हाताची मालकीण सकाळी किती वाजता उठते, तिला कशाची भीती वाटते, हे विचारायला कार्नेकडे वेळ नाही. त्याला दोष द्यायचा नाहीये. शंभरातल्या नव्याण्णव चित्रपटांत हेच होतं. सहाय्यक भूमिका म्हणजे तेच तर असतं, कथेला साहाय्य. मला फक्त शंभरावा चित्रपट किती दुर्मीळ होता ते कळलं.

त्याच वर्षी दे सिकाच्याच 'स्ताझिओने तेर्मिनी'त तिला छोटी भूमिका मिळाली. रोमच्या मुख्य रेल्वे स्थानकावर जेनिफर जोन्स आणि माँटगोमेरी क्लिफ्ट यांची निरोपाची गोष्ट, आणि त्यांच्या आजूबाजूनं वाहणारी गर्दी. दे सिकाला त्या गर्दीतल्या माणसांत रस होता. अमेरिकन निर्माता डेव्हिड सेल्झनिक याला फक्त आपल्या दोन ताऱ्यांमध्ये होता. (त्यातली एक त्याची बायको होती!) अमेरिकेत दाखवताना त्यानं दीड तासाचा चित्रपट जवळजवळ तासाभरावर आणला. कात्री चालली ती मुख्यतः आजूबाजूच्या माणसांवर. सहाय्यक नटनट्यांचं नशीब ते हे असं.

आणि मग डिसेंबर 1953 मध्ये आला लुईजी कोमेन्चिनीचा 'पाने, आमोरे ए फान्ताझिया', म्हणजे 'पाव, प्रेम आणि कल्पना'. डोंगरातलं सालिएना नावाचं काल्पनिक खेडं. तिथे बदलून आलेला, पिकल्या केसांचा रंगेल पोलीस अधिकारी (हे काम स्वतः दे सिकानं केलंय), अनवाणी हुंदडणारी जीना लोल्लोब्रिजिदा, एक सुईण, एक पाद्री, गावभर चाललेल्या कुजबुजी. चित्रपट तुफान चालला, बर्लिनला रौप्य अस्वल मिळालं, लगेच पुढल्या वर्षी दुसरा भागही निघाला. मारिया पिया दोन्हींत आहे. पाद्रीबाबांच्या घरातली पोर, पाओलेत्ता. लाजणारी, लग्नाळू, गोड.

हा चित्रपट मला आवडतो हे आधीच सांगून टाकते. त्याच्या नावामागचा प्रसंग तर विसरता येत नाही. अधिकारी रस्त्याकडेला जेवत बसलेल्या एका गरीब म्हाताऱ्याला विचारतो, काय खातोस? तो म्हणतो, पाव. आणि पावाच्या आत काय? तर कल्पना! म्हणजे आत काहीच नाही. प्रेक्षागृह हसतं. पण दोनच वर्षांपूर्वी, याच दे सिकाच्या चित्रपटात, भुकेवर कोणी हसत नव्हतं. इटालियन समीक्षकांनी या नव्या प्रकाराला नाव दिलं 'गुलाबी नववास्तववाद'. तीच खेडी, तीच फाटकी माणसं, पण आता सगळं लग्नात आणि बँडबाजात संपणारं.

हा रंगबदल आपोआप झाला नाही, म्हणून थोडा इतिहास सांगायला हवा.

'उंबेर्तो डी' आला तेव्हा इटलीच्या पंतप्रधानांच्या कार्यालयात चित्रपटविषयक कारभार बघायला जूल्यो आन्द्रेओत्ती नावाचा तेहतीस वर्षांचा तरुण उपमंत्री होता. (हाच पुढे सात वेळा पंतप्रधान झाला.) चित्रपटांना सरकारी मदत मिळण्याचा 1949 चा कायदा त्याच्याच नावानं ओळखला जातो. मदत हवी तर पटकथा आधी दाखवायची, आणि देशाची बदनामी होतेय असं वाटलं तर परदेशात पाठवायचा परवाना अडू शकतो, अशी मेख त्यात होती. फेब्रुवारी 1952 मध्ये या आन्द्रेओत्तीनं दे सिकाला उद्देशून एक जाहीर पत्र लिहिलं. त्याचा मथितार्थ असा: विसाव्या शतकाच्या मध्यावरची इटली म्हणजे उंबेर्तो डीची इटली, असं जगाला वाटलं तर तुम्ही मायदेशाची वाईट सेवा केलीत असं होईल, जरा निकोप आशावाद दाखवा. चित्रपट तिकीटबारीवर पडला. प्रेक्षकांनाही युद्धाची आणि भुकेची आठवण नकोशी झालीच होती, हेही खरं. सगळं खापर एका उपमंत्र्यावर फोडण्यात अर्थ नाही. पण आशावाद मागितला गेला आणि दोन वर्षांच्या आत तो पडद्यावर आला, एवढं मात्र तारखा सांगतात.

मारिया पियाची कारकीर्द या बदलाच्या बरोबर मधोमध उभी आहे. 1952 ची मारिया आणि 1953 ची पाओलेत्ता, दोघी एकाच प्रकारच्या गावातून आलेल्या. पहिलीच्या पोटात मूल आहे, हातात कॉफीचं यंत्र आहे आणि पुढे काय हे कुणालाच माहीत नाही. दुसरीपुढे प्रश्न एकच, लग्न कोणाशी.

1954 मधला स्तेनोचा 'उन आमेरिकानो आ रोमा' तर अजूनही इटलीत पाठ आहे. अमेरिकेच्या वेडानं झपाटलेला रोममधला पोरगा नान्दो. आल्बेर्तो सोर्दीची धमाल भूमिका. अमेरिकन माणसं खातात म्हणून मोहरी-दूध-जॅमचा काला करायला जातो आणि शेवटी गुपचूप आईनं ठेवलेल्या माकारोनीवर तुटून पडतो, तो प्रसंग न पाहिलेला इटालियन माणूस सापडणं अवघड. त्यात नान्दोची वाग्दत्त वधू एल्व्हिरा म्हणजे आपली मारिया पिया. नान्दो तिलाही अमेरिकन वळणानं 'एल्व्ही' म्हणतो. तो कोलोसियमवर चढून उडी मारायची धमकी देतो आणि ही खाली. विनोदी नटाच्या वेड्या चाळ्यांना खरं वाटायला लावणारं कोणीतरी शेजारी लागतं, साधं, जमिनीवर पाय असलेलं. ते काम ती उत्तम करते. पण सोर्दीवर पुस्तकं आहेत, तिच्यावर एखादा परिच्छेद.

मी हे रडगाणं म्हणून लिहीत नाहीये. तिची शोकांतिका वगैरे झालेली नाही, आणि तिच्या नावानं उगाच सुस्कारे टाकणं हा तिचा अपमान होईल. माज्जोरानीला जे जमलं नाही ते तिला जमलं, ती तिच्या कामावर जगली. सहाय्यक नटीच्या नोकरीत मानही मिळू शकतो. 'पाव, प्रेम...'मध्येच घरकामवालीची आणखी एक भूमिका आहे, कारामेल्ला. ती करणारी तीना पिका ही नेपल्सच्या रंगभूमीवर आयुष्य घालवलेली म्हातारी. जाड्याभरड्या आवाजाची ही कारामेल्ला लोकांनी इतकी डोक्यावर घेतली, की दुसऱ्या भागातल्या कामासाठी 1955 मध्ये तिला सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा 'नास्त्रो दार्जेन्तो' मिळाला. सत्तरीत! म्हणजे दार बंद नव्हतं. फक्त मोलकरणीनं हसवायचं असलं की ते जास्त सहज उघडायचं.

मारिया पियाचा नवरा जुझेप्पे रिनाल्दी. हाही एका अर्थानं पडद्याआडचाच माणूस, डबिंग कलाकार. इटलीत परदेशी चित्रपट इटालियन आवाजात ऐकायची पद्धत. त्यामुळे तिथल्या कित्येक पिढ्यांनी पॉल न्यूमन, मार्लन ब्रँडो, जॅक लेमन ही मंडळी ऐकली ती रिनाल्दीच्या आवाजात. रस्त्यात भेटला तर ओळखणार नाहीत, पण बोलायला लागला की सगळे वळून बघणार. त्यांची मुलगीही त्यांच्यासारखीच या व्यवसायात आली. मारिया पिया रोममध्ये एप्रिल 2012 मध्ये वारली. शहात्तर वर्षांची होती. तिच्या मृत्यूच्या बातमीत पहिलं वाक्य कोणतं होतं, ते सांगायला नकोच. 'उंबेर्तो डी'मधली मोलकरीण.

साठ वर्षांत तीस चित्रपट, आणि लक्षात राहिली ती सोळाव्या वर्षी कॉफी दळलेली सकाळ. अभिनयाचा गंधही नसताना केलेली. मग पुढे शिकलेला अभिनय वाया गेला का? मला तसं वाटत नाही. फरक तिच्यात पडला नव्हता, कॅमेऱ्यात पडला होता. नंतरच्या कुठल्याही चित्रपटानं तिला तेवढा वेळच दिला नाही. दुय्यम भूमिका ही नटीच्या लायकीवर नाही, तर बघणारा किती वेळ थांबायला तयार आहे त्यावर ठरते, असं आता मला वाटायला लागलंय. झावात्तिनीचा तर हा ध्यासच होता. एखादी बाई चपलांचा जोड विकत घेते एवढ्यावर चित्रपट होऊ शकतो, फक्त त्या जोडामागे काय काय आहे ते बघायची तयारी हवी, असं तो म्हणे.

आणि त्या स्वयंपाकघरामागे बघायचं म्हटलं तर बरंच काही होतं. तेव्हाच्या रोममध्ये अब्रुत्सोसारख्या प्रांतांतून घरकामाला येणाऱ्या मुली भरपूर. 1939 चा, मुसोलिनीच्या काळातला एक कायदा युद्धानंतरही तसाच राहिला होता. खेड्यातल्या माणसानं शहरात रहिवासी व्हायचं तर नोकरी दाखवायची आणि नोकरी मिळवायची तर रहिवासी असल्याचं दाखवायचं, असा तिढा. तो रद्द झाला 1961 मध्ये. घरकामगारांची सुट्टी, विश्रांती, झोपायची जागा याबद्दल वेगळा कायदा झाला 1958 मध्ये, म्हणजे चित्रपटानंतर सहा वर्षांनी. बोळातली ती खाट बघताना हे आठवलं की खाटेचा अर्थ बदलतो. मारियाला काढून टाकलं असतं तर तिला नुसती नोकरी नव्हे, शहरात असण्याचं कारणच उरलं नसतं.

एक योगायोग नोंदवते. ज्या जानेवारी 1952 मध्ये 'उंबेर्तो डी' इटलीत पडद्यावर आला, त्याच महिन्यात 24 तारखेला मुंबईत भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव सुरू झाला. त्यात दे सिकाचा 'बायसिकल थीव्ज' दाखवला गेला आणि आपल्याकडच्या सिनेमावाल्यांना रस्त्यावरच्या माणसाकडे बघायची नवी नजर मिळाली, 'दो बिघा जमीन' पुढच्याच वर्षी आला, हे सगळं आपण वाचत आलोय. इटलीत ज्या नजरेला 'जरा आशावादी व्हा' म्हणून सांगितलं जात होतं, ती तेव्हा इथे नुकती पोचत होती.

असो. आता ज्या कारणासाठी हे सगळं लिहायला बसले ते.

आमच्या पुण्याच्या घरी मावशी कामाला यायच्या. घरातल्या सगळ्यांना त्या ठाऊक आहेत, कितीतरी वर्षं येत होत्या. बरोब्बर सात वाजता घंटा वाजायची. 'आल्या का मावशी' असं आई म्हणायची आणि आमच्या घरची सकाळ सुरू व्हायची. माझ्या दहावीच्या, बारावीच्या, लग्नाच्या, सगळ्या सकाळी त्यांच्या त्या घंटेनं सुरू झाल्या. कुठल्याही आल्बममध्ये त्या नाहीत. एका फोटोत दाराशी पातळाचा काठ दिसतो, तो त्यांचा असावा.

गेल्या आठवड्यात त्यांना फोन केला. आता त्या लेकाकडे असतात, काम सोडलंय. इकडचं तिकडचं झाल्यावर मी विचारलं, "मावशी, आमच्याकडे यायचात तेव्हा सकाळी उठायचात किती वाजता?"

त्या हसल्या. म्हणाल्या, "आता कशापायी इचारतीस गं?"

"असंच."

"साडेतीनला. चारला नळ यायचा आमच्याकडं. पाणी भरायचं, पोरांचं डबं करायचं, मग च्या टाकायचा. च्या तेवढा मी बसून प्यायची बघ. कुणी उठलेलं नसायचं तवा."

म्हणजे सात वाजता आमची घंटा वाजायची तेव्हा त्यांच्या दिवसाचे साडेतीन तास होऊन गेलेले असायचे. ते साडेतीन तास मी कधीच पाहिले नाहीत, त्याबद्दल विचारलंही नव्हतं. मी विचारलं, चहा पिताना काय करायचात? तर म्हणाल्या, "काय करायचं? बसायची."

थोडा वेळ दोघीही गप्प होतो. मग त्यांनी आईच्या गुडघ्यांची चौकशी केली.